सुभेदारांची रिकीब

हिगाशी-कसाई, तोक्यो
३ ऑगस्ट २०२५

ती. रविकांतदादांस,
सुलेखाचा शि. सा. न. वि. वि.

फोनवर तुम्ही माझं एक वाक्य पुरं होऊ देत नाही, म्हणून पत्र. हे तरी मधे तोडता येणार नाही.

पंधरा सप्टेंबरला इथे ज्येष्ठांच्या सन्मानाची सुट्टी असते. त्या दिवशी आमच्या भागातल्या सभागृहात रहिवाशांनी आपल्या घराण्याची एकेक गोष्ट सांगायची आहे, जपानीतून. माझ्या जपानीच्या शिक्षिका ओकादा-सान यांनी माझं नाव परस्पर देऊन टाकलं. सूनबाईंचं, म्हणजे अनघाचं, म्हणणं असं की आई, भाषण कशाला, ढोकळा करून न्या. तिला मी कामाला लावलं आहे. तोयोसूच्या ऑफिसातून आली की ती माझं भाषण ऐकते आणि नात केतकी माझे उच्चार सुधारते, डोळे फिरवत.

गोष्ट अर्थात पणजोबांची, सुभेदार रायाजींची. मात्र मी ती खरी सांगणार आहे. आपल्या घरात म्हणतात, सुभेदारांनी घोडा फेकून शत्रूची तोफ आणली. दादा, ते इंग्रजांच्या पायदळात होते. हिंदी सुभेदार पलटणीबरोबर पायी चालत असे. आपण दर दसऱ्याला शस्त्रांशेजारी खोगिराची जी रिकीब पुजतो, ती आजोबांनी म्हसवडच्या जत्रेत घेतली होती; आईनेच मला सांगितलं होतं. तेव्हा घोडा वगळते आहे. तुमचा रुकार कळवावा.

लतावहिनींना नमस्कार. गुडघ्यांची हयगय करू नये म्हणावं.

आपली धाकटी,
सुलेखा

सातारा
१६ ऑगस्ट २०२५

चि. सुलेखास अनेक आशीर्वाद.

पत्र पोचलं. वाचताना दोनदा मधे तोंड घातलं, पण समोर कोणी नव्हतं.

घोडा वगळायला आमचा विरोध का, ते तुला कळत नाही असं नाही. घोडा काढला की मागे काय उरतं? अफगाण युद्धातला मैवंदचा पराभव आणि कंदाहारपर्यंतची माघार. पणजोबांचं पदक त्या माघारीतलं आहे, हे मला काय आणि वडिलांना काय, ठाऊक होतंच. पण वडील म्हणत, जगदाळ्यांच्या घरात माघार हा शब्द नको. म्हणून तर आजोबांनी घेतलेली रिकीब त्यांनी देवघरात आणली. तू इतिहास घेऊन बी. ए. झालीस हे मान्य, पण परक्या मुलखात, चार लोकांपुढे, आपला पणजोबा मागे फिरला हे सांगून काय मिळवणार? जपानी लोक म्हणे फार मानी. हसतील. तू ढोकळाच ने.

तुझी वहिनी म्हणते, काठी घेतली आहे, आता हयगय नाही.

तुझा,
दादा

हिगाशी-कसाई
२७ ऑगस्ट २०२५

ती. दादांस शि. सा. न. वि. वि.

तुमचा रुकार नाही, हे कळलं. तरीही मी खरंच सांगणार. हसले तर मला हसतील, पणजोबांना नाही. ते सतराव्या वर्षी शिपाई म्हणून भरती झाले, आफ्रिकेतले ॲबिसिनियाचे डोंगर पायी चढले, जमादार झाले. एवढं चाललेल्या माणसाला आपण उसन्या घोड्यावर बसवून ठेवलं आहे. त्यांची पावलं मला परत द्यायची आहेत.

राग आला तर पत्रातच काढावा. वहिनींना माझी बाजू समजावून सांगू नये. ती त्यांना केव्हाच पटलेली असेल.

आपली हट्टी,
सुलेखा

हिगाशी-कसाई
१६ सप्टेंबर २०२५

ती. दादांस शि. सा. न. वि. वि.

काल भाषण झालं. पहिल्यांदा हे सांगते, कोणी हसलं नाही.

नऊवारी नेसले होते. सभागृह भरलेलं, बहुतेक माझ्याच वयाचे. भरती सांगितली, ॲबिसिनिया सांगितलं, मग मैवंद. लढाई हरलो, असं सरळ म्हटलं. रायाजींनी आपली तुकडी सगळ्यांच्या मागे ठेवली. पाण्याचा थेंब नाही, पाठीवर शत्रू, आणि जो जखमी बसेल त्याला हे उठवत. पुढचे कंदाहारला पोचले तरी हे वाटेतच होते, कारण ज्याला चालवत नव्हतं त्याच्या चालीनं हे चालत होते. वेशीतून सर्वांत शेवटी आत आले. त्याबद्दल पदक, आणि पुढे सुभेदारी.

इथे माझी जपानी अडली. पिछाडी राखणाऱ्याला काय म्हणतात, ते मी शिकलेच नव्हते. तेव्हा म्हटलं, सर्वांच्या शेवटी चालणारा, इतरांना घरी पोचवणारा. दादा, पुढच्या रांगेतून, मग मागून, सगळं सभागृह म्हणू लागलं, शिंगारी! ओकादा-सान यांनी नंतर समजावलं. त्यांच्या सामुराईंच्या काळात माघारीत मागे राहायचं काम वाटेल त्याला देत नसत. ज्याच्यावर सेनापतीचा सर्वांत जास्त भरवसा, त्यालाच तो मान.

एक वृद्ध गृहस्थ काठी टेकत उभे राहिले आणि वाकले. मला नाही, मी मेजावर ठेवलेल्या पदकाच्या फोटोला. मग ओळीनं सारे उठले. अनघा रडत होती. तिला मी रुमाल दिला आणि सरळ बस म्हटलं. केतकीनं घरी येऊन शाळेतल्या मैत्रिणीला फोन लावला आणि जपानीत सांगितलं, आमचे सुभेदार शिंगारी होते. घोड्याचं तिनं विचारलंसुद्धा नाही.

आता बोला.

आपली,
सुलेखा

सातारा
३ ऑक्टोबर २०२५

चि. सुलेखास अनेक आशीर्वाद.

तुझं पत्र वहिनीनं मोठ्यानं वाचलं. मी मधे तोंड घातलं नाही.

काल दसरा झाला. पूजेला तलवार मांडली, पदक मांडलं. रिकीब मी माळ्यावर ठेवली. धाकट्या काकांनी विचारलं, घोडा कुठे गेला? म्हटलं, म्हसवडला परत गेला.

सीमोल्लंघनाला दरवर्षी मी भावकीच्या पुढे असतो, हे तू जाणतेस. काल वहिनी काठी टेकत निघाली आणि चार घरं ओलांडायच्या आत मागे पडली. दरवर्षी ती तिथूनच घरी परतते. काल मी मागे थांबलो. पोरं हाका मारत होती, दादा, सोनं संपेल, चला! मी म्हटलं, तुम्ही व्हा पुढे. आम्ही तिच्या चालीनं चाललो. ओढ्याकाठच्या आपट्यापाशी पोचलो तेव्हा सगळे सोनं वाटून परत फिरत होते. कोणीतरी हसून म्हणालं, दादा, यंदा शेवटी?

मी म्हटलं, जगदाळे आहोत. शेवटीच येणार.

तुझ्या वाटणीचं सोनं, म्हणजे आपट्याची दोन पानं, सोबत आहेत. एक तुला, एक केतकीला. लोभ आहेच; वाढवावा, असं आज मी तुला म्हणतो.

तुझा,
दादा