कुंभकर्णाच्या घोरण्याची वाटणी

मी, खाली सही करणारी, मुलांच्या ॲनिमेशनपटांत राक्षस, वानर आणि प्रसंगी देवही हलवून पोट भरलेली बाई, गुडघे सोडून बाकी सगळीकडे धडधाकट आहे. डोकं ताळ्यावर आहे. शंका असेल त्याने येऊन भांडून बघावं. कोणाच्याही दडपणाशिवाय हे मृत्युपत्र लिहून ठेवते. आधीचं रद्द समजावं, ते रागात लिहिलं होतं.

कलम १. राहतं घर माझ्या कमाईचं. ते माझ्या एकुलत्या एक लेकीला.

कलम २. चित्रांचं मेज, खालून दिवा लागणारी काच आणि तोंडं वेडीवाकडी करून बघायचा आरसा माझ्या सहायिकेला. तिने आरशासमोर लाजू नये. राक्षस आधी आपल्या तोंडावर उमटावा लागतो.

कलम ३. आता खरी मालमत्ता. आमच्या सिनेमात कुंभकर्ण घोरतो. त्याने श्वास घेतला की वानराचं पिल्लू नाकात खेचलं जातं, सोडला की बाहेर फेकलं जातं, आणि थेटरातली पोरं खुर्च्यांवर उड्या मारतात. घोरायला आणलेला नट असा घोरायचा, जणू भाषण ठोकतोय. अशाच एका दुपारी आमचे हे, छापखान्यातली रात्रपाळी करून, माझा विसरलेला चष्मा द्यायला आले आणि स्टुडिओतल्या सोफ्यावर आडवे झाले. ध्वनिवाल्याने गुपचूप माइक नाकापाशी धरला. बऱ्याच वेळाने हे दचकून उठले, "काय झालं गं?"

म्हटलं, "काही नाही हो, झोपा. काम छान चाललंय तुमचं."

लेक रांगत होती तेव्हाच हे गेले. ह्यांचा आवाज म्हणून तिच्याकडे एवढंच घोरणं आहे.

कलम ४. "रेघोट्या ओढून कोणाचं भलं झालंय?" असं माझ्या लग्नात म्हणणारे थोरले भाऊजी, हे गेल्यावर लागलेल्या सिनेमाच्या पहिल्या खेळाला भर थेटरात उभे राहून ओरडले, "अरे, हा तर आपला धाकटा!" आणि ढसाढसा रडले. त्यांना माफ केलं. माझी आरामखुर्ची त्यांना द्यावी. जाऊबाईंचं नंतर बघू.

कलम ५. कंपनीच्या नव्या मालकांना सिनेमा चकाचक करून परदेशी भाषांत काढायचाय. "आजी, घोरणं जुनाट वाटतं, नवं टाकू." शेजारी बसलेल्या लेकीच्या डोळ्यांत टचकन पाणी आलं. माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली, पण म्हटलं, "टाका की, बघू." टाकलं. कुंभकर्ण श्वास सोडतोय आणि पिल्लू नाकात शिरतंय! सगळी खोली खो-खो हसली. अहो, माझी एकेक रेघ ह्यांच्या श्वासावर बेतलेली. आवाज बदलायचा तर आधी सगळी चित्रं नव्याने काढा. मालकांनी हात जोडले. आज करारावर सह्या झाल्या: घोरण्याला कोणी हात लावायचा नाही. तो करार आणि मूळ टेप लेकीच्या नावे. जिंकले मी!

संवाद बदलायचे तेवढे बदलोत. कुंभकर्ण मात्र जगातल्या प्रत्येक भाषेत माझ्याच नवऱ्यासारखा घोरेल.

सही: केली, ठसठशीत.

साक्षीदार:
१. समोरच्या दारातल्या डॉक्टरीणबाई (नाडी बघून सही केली)
२. खालच्या मजल्यावरचे शिंपीकाका (न वाचता केली)

ठिकाण: माझं स्वयंपाकघर
दिनांक: करार झाला तोच, संध्याकाळ