ट्रिगर जड करून द्या

१ ऑक्टोबर २०२५, बुधवार

ट्रिगर जड करून द्या म्हणे! फौजेत चोवीस वर्षं आर्मरर म्हणून बंदुका दुरुस्त केल्या, इथे शारजात बंदुकांच्या दुकानामागच्या वर्कशॉपमध्ये सात वर्षं झाली, आणि आज पहिल्यांदा कुणीतरी हे मागितलं. येणारा प्रत्येक जण हलकाच मागतो. 'एकदम मख्खन कर दो.' मी नाही म्हणतो. मग काउंटरवरून आमचा म्हसळ्याचा शाहबाज ओरडतो, "हवालदारसाहेब, कस्टमर आहे तो, दुश्मन नाही!"

मागणारी एमिराती बाई. नाव मोझा, वय पस्तिशीचं. रायफल वडिलांची, परवाना वडिलांचा, वडिलांनी सही केलेलं पत्र – सगळं फाइलला नीट लावून आणलेलं. हिंदी झकास बोलते. वडील सुहैल साहेब, वय अठ्ठ्याहत्तर. वीस तारखेला बापलेक किरगिझस्तानला रानबकऱ्याच्या शिकारीला चाललेत. पूर्वी दरवर्षी जायचे. "इस साल उनका हाथ काँपता है, अंकल. और पहाड़ पे मैं आगे चलती हूँ, वो पीछे."

एवढंच बोलली. पुढचं मला दिसलं.

रायफल रिकामी असल्याची खात्री केली – डोळ्याने, मग चेंबरमध्ये करंगळी घालून – आणि ट्रिगर ओढायला किती जोर लागतो ते काट्यावर मोजलं. आठशे वीस ग्रॅम! शिकारीच्या रायफलीला हे फारच हलकं. धडधाकट माणसालाही मी एवढं देत नाही.

पण तिची अट – बाबांना कळता कामा नये. मी साफ नाही म्हणालो. मालक माझ्या बाकाशी येऊन स्वतःच्या बोटाने ओढून बघत नाही तोवर मी ट्रिगर बदलत नाही. नियम आहे. मीच केलेला आहे, पण आहे. ती म्हणाली, "उनको पता चला तो जाएँगे ही नहीं. साल भर से घर में बैठे हैं. इसी एक चीज़ के लिए उठते हैं." डोळे भरले होते. रायफल ठेवून गेली.

२ ऑक्टोबर, गुरुवार

दसरा. माझ्या स्क्रूड्रायव्हरांची पूजा केली. शुभ्राला बाप हत्यारांना हळद लावतो याचं हसू येतं, तरी फुलं तीच आणते. मी राहतो ते लेकीचं घर दुबईत सिलिकॉन ओएसिसला, त्यामुळे झेंडूसाठी कुठवर जावं लागतं तिलाच ठाऊक.

दिवसभर डोक्यात आठशे वीस.

४ ऑक्टोबर, शनिवार

रायफल उघडली. आणि बघतच राहिलो!

तीस वर्षांची रायफल. आतल्या स्क्रूंच्या खाचा कोऱ्या. वाळूचा कण नाही. या देशात वाळू कुठे शिरत नाही? माझ्या जेवणाच्या डब्यात शिरते! तेल एवढंच की बोटाला चमक यावी. ट्रिगरच्या पोटात दोन पोलादी कडा एकमेकींना धरून बसलेल्या असतात. एक सरकली की बार उडाला. धरायची ती जागा नखाच्या जाडीहून कमी. एवढ्याशा पोलादावर समोरच्याचा जीव असतो आणि ते पोलाद तीस वर्षं गप्प बसून काम करतं. आयुष्य यात गेलं, तरी प्रत्येक वेळी उघडलं की मला नवल वाटतं. ज्याने ही राखली त्या माणसाला न बघताच सलाम करावासा वाटला.

आणि मग मी नियम मोडला. लिहून ठेवतो, कारण दुसऱ्या कुणाला सांगणार नाही.

स्वतःला सांगितलं, हलकं करण्यात धोका, जड करण्यात कसला? कडांच्या पकडीला हात लावला नाही, ती कंपनीने दिली तशीच ठेवली. फक्त स्प्रिंगचा स्क्रू. पाव आटा आवळायचा, मग मोजायचं. पुन्हा पाव आटा, पुन्हा मोजायचं. सोळाशे पन्नासवर थांबलो. पाचदा ओढून पाहिलं, दहा ग्रॅम इकडेतिकडे. बोल्ट दहा वेळा दणकून बंद केला. रबरी हातोडीने खांद्याला टेकायच्या कुंद्यावर चारी बाजूंनी ठोकलं. सेफ्टी लावून ओढला, सोडला, मग सेफ्टी काढली. एकदाही आपोआप सुटला नाही.

स्क्रू हलू नये म्हणून वर लाखेचा थेंब द्यायचा असतो. लाख वाळून गेलेली. शुभ्राच्या नेलपॉलिशची बाटली डब्यासोबत नेली होती, ती लावली. शाहबाज म्हणाला, "हवालदारसाहेब, या वयात नखं रंगवता?" म्हटलं, यल्ला, काउंटर बघ.

मोझाला फोन केला. मंगळवारी न्यायला येणार. किती शुक्रान म्हणाली! बरं वाटलं, हेही लिहितो.

५ ऑक्टोबर, रविवार

घरी. आज जे झालं ते लहानच होतं, पण लिहायला हवं.

स्वयंपाकघरातला नळ टपटपत होता. सकाळी मीच मागून आवळला. कुणाला बोललो नाही, काय बोलायचं त्यात? थोड्या वेळाने ईश्वरी, माझी नात, पाणी प्यायला आली. नेहमीसारखा नळाचा दांडा एका बोटाने ढकलला. नळ हलेना. तिने काय करावं? वाकून तोंड नळाखाली नेलं, आत काय अडकलंय बघायला, आणि दोन्ही हातांनी हिसका दिला. पाणी थेट नाकातोंडात! शुभ्रा हसली, मीही हसलो. ईश्वरी माझ्यावर भडकली. "आजोबा, यू चेंज्ड इट अँड यू डिडन्ट टेल मी!"

माझं हसू तिथेच थांबलं.

तीस वर्षं त्या म्हाताऱ्याच्या बोटाला आठशे ठाऊक. डोंगरात, थंडीत, दातओठ आवळून तो नेम धरणार, आठशेवर ओढणार आणि ट्रिगर सुटणार नाही. मग तो काय करील? सेफ्टी राहिली, बर्फ शिरला, बिघडली – असंच वाटेल. हिसका देईल. नाहीतर भरलेली रायफल आडवी करून बघेल काय अडकलंय. आणि नळी फिरणार कुणाकडे?

जड केलं म्हणजे सुरक्षित केलं, असं मला वाटलं होतं. चोवीस वर्षं जवानांना शिकवलं की बंदुकीपेक्षा बंदूकवाल्याची सवय आधी तपासा. मीच विसरलो! गाढव आहे मी.

६ ऑक्टोबर, सोमवार

मोझाला फोन. रायफल मिळणार नाही, बाबांना घेऊन या. चिडली. "आपने ज़बान दी थी!" दिली होती. चुकलो म्हणालो. आठशे वीसवर परत आणूनही देणार नाही, तेही सांगितलं. तिने फोन ठेवला.

शाहबाज दिवसभर माझ्याशी बोलला नाही. चांगलं गिऱ्हाईक गेलं म्हणतो.

९ ऑक्टोबर, गुरुवार

फोन नाही.

११ ऑक्टोबर, शनिवार

आले!

सुहैल साहेब उंच, वाळलेले, पायघोळ कंदुरा कडक इस्त्रीचा. एका हातात काठी. दुसरा हात – देवा, तो हात. शाहबाजने गहवा, अरबी कॉफी, दिला, तर पेल्यातला अर्धा बशीत. त्यांनी मुकाट्याने पेला खाली ठेवला आणि पुन्हा उचललाच नाही. मोझाने त्यांना एवढंच सांगितलं होतं की मिस्त्रीला तुम्हीच हवे आहात. ती दाराशी उभी, ओढणीचं टोक मुठीत.

मी बोल्ट उघडून चेंबर त्यांच्यापुढे धरलं. मी बघितलं होतं, तरी त्यांनी स्वतः वाकून बघितलं, मग करंगळी आत घातली. अगदी माझ्यासारखी! मी डमी काडतूस भरलं. भिंतीवर काळा ठिपका आहे, त्यावर त्यांनी नेम धरला.

नळीचं टोक फिरत होतं. ताटलीएवढं वर्तुळ, मग वाटीएवढं. थांबलं नाही, पण लहान होत गेलं. त्यांनी डोळे मिटले. बोट ट्रिगरवर टेकलं आणि हळूहळू आत गेलं.

आणि एका जागी थांबलं.

कुठे थांबलं मला ठाऊक होतं. त्यांना ट्रिगर सुटायला हवा होता, तो सुटला नव्हता. आता हिसका येणार म्हणून मी श्वास धरला. हिसका आला नाही. त्यांनी बोट होतं तसं मागे आणलं, बाहेर काढलं, सेफ्टी लावली, रायफल बाकावर ठेवली, नळी भिंतीकडे. मग डोळे उघडले. असा माणूस मी फौजेतही पाहिला नाही!

"किसने किया?"

मी सावधान उभा राहिलो, सवयच आहे. "मैंने किया, साहेब. आपसे पूछे बगैर. गलती मेरी है."

"कितना?"

"सोलह सौ पचास. पहले आठ सौ बीस था."

"आठ सौ," ते म्हणाले. "बीस तुम्हारे काँटे का है."

ते गेल्यावर काटा तपासला. वजनं लावून. अठरा ग्रॅम जास्त दाखवतो! एका म्हाताऱ्याच्या थरथरत्या बोटाला जे कळलं ते माझ्या मशीनला कळलं नाही. लिहितानाही अंगावर काटा येतोय.

मग ते मोझाशी अरबीत बोलले. आवाज चढवला नाही. ती रडायला लागली, तीही भराभरा बोलली. शाहबाजने नंतर मला सांगितलं. बाप म्हणाला, "माझा हात थरथरतो हे मला ठाऊक नाही असं वाटलं तुला? रोज चमचा तोंडाकडे मीच नेतो ना?" आणि लेक म्हणाली, "तुम्ही घरात बसाल म्हणून बोलले नाही." बाप म्हणाला, "बसलो असतो. दोन दिवस. मग उठलो असतो."

मग त्यांनी रायफल पुन्हा उचलली आणि सोळाशे पन्नास बोटाला शिकवायला बसले! तास झाला. मी बोल्ट उघडायचा, बंद करायचा, ते ओढायचे. आधी चारपाचदा टोक उडालं. मग त्यांनी युक्ती काढली – थरथर थांबवायचीच नाही. ती चालू द्यायची आणि तिच्या आतून बोट एकसारखं दाबत राहायचं. विसाव्या वेळी ट्रिगर सुटला आणि टोक ठिपक्यावरच. अठ्ठ्याहत्तराव्या वर्षी माणूस नव्याने शिकत होता आणि मी शेजारी बसून बघत होतो. माझ्यासारख्या सरकारी दगडाचेही डोळे पाणावले.

शेवटी म्हणाले, "और डालो."

"साहेब, इतना बस है."

"पहाड़ पे दस्ताना होगा. दस्ताने में उँगली अंधी होती है. अठारह सौ."

त्यांच्यासमोर केलं. अठराशे. सगळ्या चाचण्या पुन्हा, त्यांच्यादेखत. हातोडी त्यांनीच मागितली आणि त्या हाताने कुंद्यावर ठोकली. नेलपॉलिश बघून मात्र हसले. "अहमर!" लाल.

१२ ऑक्टोबर, रविवार

शुभ्राला सगळं सांगितलं. नियम मोडल्याचंही. ती म्हणाली, "बाबा, तुम्ही चुकलो म्हणालात? तोंडाने?" गावी आईला फोन करून सांगते म्हणाली. सांगू दे.

२० ऑक्टोबर, सोमवार

आज निघाले असतील. दिवाळी आहे. लाडू खाल्ला, चव कळली नाही. थरथरणारा हात मागे आणि लेक पुढे, हेच डोळ्यांसमोर येतंय. अठराशे पुरे आहेत. पुरे असावेत.

२४ ऑक्टोबर, शुक्रवार

काही नाही. शाहबाज म्हणतो, "इन्शाल्ला सगळं बरं असेल, तिकडे रेंज नसते." रेंज नसते, बरोबर आहे.

२७ ऑक्टोबर, सोमवार

मोझाचा व्हॉइस मेसेज आला. शाहबाज आणि मी दोघांनी उभ्यानेच ऐकला.

बकरा दिसला. बाबांनी रायफल भरली, आणि चढावर धाप लागली म्हणून तशीच तिच्या हातात दिली, काठी टेकत स्वतः पुढे झाले. सेफ्टी तिच्या लक्षात राहिली नाही. दगड सुटला, ती गुडघ्यावर आपटली, हातमोज्यातलं बोट ट्रिगरवर जोरात दाबलं गेलं. ट्रिगर सुटला नाही.

शेवटी ती म्हणते, "हाथ मेरा था, अंकल. आगे बाबा थे."