भाऊजींचा निष्काळजीपणा सिद्ध करण्याबाबत

तीर्थरूप भाऊजींना धाकट्या मेहुण्याचा साष्टांग नमस्कार (आठांपैकी एक अंग सध्या वाकत नाही, तेवढं वजा धरावं). तुमची तब्येत ठणठणीत असेलच. अपघातात तुम्हाला साधं खरचटलंही नव्हतं. ताईचा रक्तदाब कसा आहे? ती माझा फोन उचलत नाही, म्हणून पत्रानं विचारतो.

तुम्हाला कोर्टाची नोटीस आली म्हणून तुम्ही रागावलात, हे कानावर आलं. पण भाऊजी, मी लावलेला दावा तुमच्यावर असला तरी भरपाई विमा कंपनी देणार, तुमच्या खिशाला चाट नाही. फक्त गाडी चालवणाऱ्याचा निष्काळजीपणा सिद्ध करावा लागतो. मला वाटलं, हा तर हातचा मळ. तुम्ही स्टिअरिंग सोडून, मागे वळून, परसातला भोपळा केवढा झालाय ते दोन्ही हातांनी आईला दाखवत होतात, आणि गाडी माझ्या बाजूनं विजेच्या खांबावर गेली. (भोपळा खरंच मोठा असणार. त्याबद्दल माझी तक्रार नाही.)

पण आपलं घर पडलं जावयाला डोक्यावर घेऊन नाचणारं. साक्षीला आईला उभं केलं. जे पाहिलं ते सांग, एवढंच तिला बजावलं होतं. कंपनीच्या वकिलानं मधाळ आवाजात विचारलं, जावई गाडी कशी चालवतात हो? आईनं चष्मा नीट केला आणि म्हणाली, "आमच्या जावयांना नाव ठेवायला जागा नाही." बरं, त्या वेळी त्यांचे हात कुठं होते? तर म्हणे, जावयाच्या हातांकडे कोण टक लावून बघतं! आमच्या वकिलांनी कपाळाला हात लावला. बाहेर आल्यावर मी म्हटलं, अगं, माझ्या पायाचं काय? त्यावर ती म्हणाली, "पाय होईल बरा. जावयाला भर कोर्टात बेफिकीर म्हटलं तर पोरीला तोंड कसं दाखवू?"

त्यात तुमचा लेखी जबाब. तुम्ही अत्यंत सावधपणे चालला होतात आणि कुत्रं आडवं आलं म्हणे. भाऊजी, कुठलं कुत्रं? पंचनाम्यात खांब आहे, फुटलेला दिवा आहे, माझी एक चप्पल आहे; कुत्र्याचा केससुद्धा नाही. कंपनीच्या वकिलाला मात्र त्या कुत्र्याचा फार लळा लागलाय, दर तारखेला त्याला घेऊन येतो. कारण कुत्रं आडवं आलं तर चूक कोणाचीच नाही, आणि चूक कोणाचीच नाही तर भरपाईही नाही.

इकडे मी रंगारी माणूस, शिडीवाचून माझं पान हलत नाही. सध्या स्टुलावर बसून हात पोचेल तेवढीच भिंत रंगवतो. परवा एका बाईंनी विचारलं, वरच्या भागाचं काय? मी म्हटलं, हल्ली अशीच फॅशन आहे. त्यांनी दुसरा रंगारी बोलावला. पायातली सळई बदलायला आणखी एक ऑपरेशन आहे. ते झालं तर शिडी, नाहीतर जन्मभर स्टूल. डॉक्टर मोठे हसतमुख आहेत, पण उधारीवर कापत नाहीत. मला भीती वाटते भाऊजी, सरळच सांगतो.

बाकी सगळं ठीक. भाच्यांना सांगा, मामा लंगडतो, पण रागावलेला नाही.

तुमचा,
धाकटा मेहुणा

ता. क. पुढच्या तारखेला तुमची साक्ष आहे. भोपळ्याचं जे झालं ते जसंच्या तसं सांगा आणि कुत्र्याला घरी ठेवा. आई म्हणते, जावयांनी आपणहून चूक कबूल केली तर तो त्यांचा मोठेपणा, त्याला तिची हरकत नाही.

आणखी एक. मला बसच्या पायऱ्या चढवत नाहीत. त्या दिवशी तुमच्याच गाडीतून कोर्टात न्याल का? आईही येणार आहे. दुसऱ्या कोणाच्या गाडीत बसायला तिला भीती वाटते. फक्त तिथं पोचल्यावर गाडी फार नीट लावू नका, न्यायाधीशांची खिडकी त्याच बाजूला आहे.