आपल्या विहिरीवरचा सातगोंडा

आईस शेवंताचा नमस्कार. मी कोल्हापुरात बरी हाय, गुडघाबी आता दुखत न्हाय.

काल मालकिणीच्या टीव्हीवर आपला सातगोंडा बघितला. जमिनीखालच्या दगडांचं कायबी असलं की टीव्हीवाले त्यालाच बोलावत्यात. काल तो आपल्याच विहिरीवर उभा राहून सांगत हुता. मागं आपल्या घराच्या सोप्यात मी यंदाच्या दिवाळीला पाठवलेला आकाशकंदील, आणि ह्याच्या हातात तुझी पावण्यांची कपबशी.

भाऊबीजेला मला फोनवर म्हणाला, आक्का, परदेशात शूटिंग हाय. आणि हुता तुझ्याच घरात. मी ओवाळायचं ताट तसंच उचलून ठेवलं. त्याचं जाऊ दे, तू का गप बसलीस?

तुझ्या गोळ्या एसटीनं पाठवल्यात, वेळेवर घे. यात्रेला येईन. मला त्या कपात चहा देऊ नको, मी पावणी न्हाय.

तुझीच लेक,
शेवंता