गॅलरीतले टॉवेल

४ एप्रिल
पोचले एकदाची. लेकाने चालवायला घेतलेलं हॉटेल बघून जीव सुखावला. प्रत्येक खोलीला गॅलरी, खाली काउंटर आणि काउंटरवर माझी नात, अगदी साहेबीण! चांगली नोकरी सोडून बापाच्या मदतीला आलीय पोर. मला लिहिता-वाचता येत नाही, म्हणून रोज मी बोलायचं आणि तिने लिहायचं असं ठरलंय. मी खिडकीशी टॉवेलांच्या घड्या घालते, ती माझ्या पाठीमागे काउंटरपाशी लिहायला बसते. पेनाची कुरकुर ऐकू आली की समजायचं, बाईसाहेब जाग्या आहेत. हेही लिही गं, गाळू नकोस.

६ एप्रिल
ऐन सीझन आणि हॉटेलात आम्ही तिघंच. नवा रस्ता गावाबाहेरून गेला, गिऱ्हाईकही त्याच्याबरोबर गेलं. समोरच्या लॉजला कुलूप, कोपऱ्यावरच्या हॉटेलात टायरचं गोदाम. हॉटेलवाल्यांच्या बैठकीत मोठे लोक म्हणे सांगतात, धंदा वाढतोय. कुठे वाढतोय तेवढं दाखवा, मी चालत जाऊन बघून येईन.

लेकाने शक्कल लढवलीय. रिकाम्या हॉटेलात कुणी उतरत नाही, म्हणून वरच्या गॅलऱ्यांत रोज टॉवेल वाळत घालायचे, दारांबाहेर चपला मांडायच्या. ते खातं माझ्याकडे. न आलेल्या पाहुण्यांची बडदास्त!

९ एप्रिल
आज एक गाडी थांबली. आतल्या बाईने वर बघितलं, हे तर भरलेलं दिसतंय म्हणाली आणि गेली. मी कपाळाला हात लावला. लेकाला म्हटलं, बंद कर हा तमाशा. तो म्हणतो, मला धंद्यातलं कळत नाही. ह्याला कळतं, म्हणून तर ही दशा!

संध्याकाळी टॉवेल काढले. कोरडे घातले होते, ओले निघाले. पाऊस नाही, दव नाही. नातीला वाटतं, मी ओलेच घातले असतील. म्हातारी झाले, खुळी नाही झाले.

११ एप्रिल
परत ओले. मांडलेल्या चपलेत पाय घालून पाहिला, तर आत ऊब. नुकतीच कुणी काढल्यासारखी. लेकाला सांगितलं तर हसतो. म्हणे, निदान वापरतंय तरी कुणी.

१२ एप्रिल
आज टॉवेल घातलेच नाहीत. दुपारी काउंटरवरचा फोन वाजला. वरच्या कोपऱ्यातल्या खोलीतून. टॉवेल हवाय — नात म्हणते, आवाज फार अदबीचा होता. लेक वर जाऊन आला. खोली रिकामी, गादी दबलेली. लाइनीत बिघाड असेल म्हणतो. वर कुणीतरी आहे, सांगून सांगून माझं तोंड दुखलं —

१३ एप्रिल
लिही. लेक बैठकीला गेलाय, आपण दोघीच — थांब, फोन. उचलू नकोस गं. उचललास? — टॉवेलच मागतोय ना? जाऊ नकोस. पाहुण्याला नाही म्हणायचं नसतं म्हणे — अगं, कसला पाहुणा —

ओढून नेला टॉवेल माझ्या हातातून. गेली. जिना वाजला. वर दार उघडलं — लागलं.

अगं ए! खाली ये —

आणि मागे पेन कुरकुरतंय. मी बोलतेय तसं — शब्दाला शब्द — मान वळवायचा धीर होत नाही —

तू तर वर गेलीस ना गं? मग माझ्या पाठीशी बसून हे कोण लि