फाटकापर्यंतचं लोडिंग

पांढुर्णा,
सोमवार, २५ ऑगस्ट २०२५

प्रिय राजू,

ताईचे अनेक आशीर्वाद. आम्ही इकडे सगळे खुशाल आहोत. पोळ्याची कर होऊन दोन दिवस झाले आणि मी हे वाक्य लिहिते आहे, तेव्हा ते नुसतं रीत म्हणून लिहिलेलं नाही हे तुझ्या लक्षात येईल. नसेल आलं तर सरळ सांगते. तुझे भाऊजी यंदा गोटमारीला, नदीवर दगड खायला, गेले नाहीत. दिवसभर घरात बसले. मी बसवलं!

फोन तू उचलत नाहीस. मेसेज वाचतोस, खूण निळी होते, आणि पुढे काही नाही. म्हणून हे पत्र पोळ्याच्या करंज्यांच्या डब्याला बांधून सौंसरच्या बसमध्ये देते आहे. कंडक्टर ओळखीचा आहे. पत्र वाचायचं नसेल तर करंज्याही खायच्या नाहीत, खोलीवरच्या पोरांना देऊन टाक.

आईचं बरं चाललं आहे. गुडघे कुरकुरतात, पण तुला शिव्या घालताना आवाज अजून सावरगावच्या पुलापर्यंत जातो. तिनेच सांगितलं, की तू करीच्या दिवशी मुद्दाम ड्युटी मागून घेतलीस आणि सौंसरलाच राहिलास. ऐकून मला बरं वाटलं. का ते पुढे सांगते.

मी लग्न करून फक्त नदी ओलांडली, आणि तेव्हापासून दरवर्षी करीला माझं माहेर एका काठावरून दगड मारतं, सासर दुसऱ्या काठावरून. मधल्या पळसाच्या झाडावरचा झेंडा कोण नेतं ह्यात मला कधीच गोडी नव्हती. माझं सगळं लक्ष संध्याकाळी कोण आपल्या पायांनी घरी येतं ह्याकडे. गेल्या वर्षी कोण आलं नाही ते तुला माहीत आहे. नागपूरच्या डॉक्टरांनी ह्यांना तेव्हाच बजावलं होतं, डोक्याला पुन्हा मार बसता कामा नये. डावा कान गेला तो गेला, आता आहे ते सांभाळा.

आणि हा माणूस पोळा जवळ आल्यावर काय म्हणतो? "मी काई दगड उचलून राहिलो का वं? नुसता पाहून येतो."

नदीवर गेलेला माणूस नुसता पाहून आला, असं मी माहेरी पाहिलेलं नाही आणि सासरीही नाही. वर मामंजी ओट्यावरून सूर लावणार, "आपल्या घरातला माणूस करीले घरात बसला, असं कधी झालं नाई." भांडून पाहिलं, रुसून पाहिलं, शेवटी चंडीमायच्या देवळात जाऊन देवीलाच दम दिला. देवी ऐकत असेल, तिचा भक्त ऐकत नव्हता.

राखीला मी सावरगावला गेले. तू आला नव्हतास. आईच्या कपाटात काहीतरी शोधत होते, तर तुझा पीएसपी, तो खिशातला व्हिडिओ गेम, हाताला लागला. नागपूरला शिकायला होतास तेव्हा कुणाकडून तरी जुना घेऊन आला होतास बघ, आणि आपण दोघं गाड्यांच्या शर्यतीवरून आईचा मार खायचो. चार्ज केला तर चक्क सुरू झाला. घरी आणून ह्यांच्यासमोर सहज ठेवला. त्यांनी शर्यत लावली, हरले, आणि शेवटी यादी आली. सगळ्यात वर तुझं नाव.

"हा आपला राजू?" म्हणाले.

वर्षभरात त्यांच्या तोंडून तुझं नाव पहिल्यांदा ऐकलं. मी भाजी चिरत होते, मान वर केली नाही. त्या दिवसापासून त्यांना तुझा रेकॉर्ड मोडायचं वेड लागलं आणि मला माझा मार्ग दिसला. ईअरफोनची एकच बाजू लावायची, उजवी. दुसऱ्या बाजूची गरज नाही. एक कान झाकला की ढोल बंद, आरडाओरडा बंद, अख्खी नदी बंद. गेल्या वर्षीच्या त्या दुखण्याचा एवढा एकच उपयोग मला सापडला.

पण तुझ्या ह्या डबड्याचं लोडिंग! एक शर्यत संपली की दुसरी सुरू होईपर्यंत पडद्यावर ते गोल फिरत राहतं, आतली चकती घर्र घर्र करते आणि आवाज येत नाही. त्या शांततेत सगळं बाहेरचं ऐकू येतं. पोळ्याच्या आधी संध्याकाळी ढोल घुमायला लागले होते. लोडिंग आलं की हे ईअरफोन काढत, उठत, ओसरी ओलांडून थेट फाटकापर्यंत जात आणि नदीच्या दिशेला तोंड करून उभे राहत. मी घड्याळ लावलं नाही. तुझ्या पीएसपीचं लोडिंग फाटकापर्यंतचं होतं. करीच्या दिवशी फाटकापर्यंत गेलेला माणूस परत फिरला नसता.

तेव्हा ठरवलं, हे लोडिंग घरात आणायचं.

माझ्या झेरॉक्सच्या दुकानात कॉम्प्युटर आहेच. गिऱ्हाईक नसेल तेव्हा व्हिडिओ बघत बसायचे. कळलं ते असं, की चकती फिरवून वाचण्यातच सगळा वेळ जातो. गेम चकतीवरून मेमरी कार्डावर उतरवला की फिरवाफिरव संपली. पण त्यासाठी आतलं सॉफ्टवेअर बदलावं लागतं, आणि ते बदलताना मध्येच बंद पडलं तर पीएसपी कायमचा गेला. तुझी वस्तू, तुला न विचारता. बॅटरी काठोकाठ चार्ज केली, देवाचं नाव घेतलं आणि बटण दाबलं. तेवढ्यात एक जण आधारची झेरॉक्स मागायला आला. म्हटलं, "दादा, बसा जरा, ऑपरेशन चालू आहे." तो बिचारा खरंच हळू आवाजात बोलायला लागला.

झालं! गेम कार्डावर आला. आणि इथे मी माती खाल्ली. कार्डात जागा दिसली म्हटल्यावर माझा हात थांबेना. तुझ्या सगळ्या चकत्या उतरवल्या आणि जास्त मावाव्यात म्हणून दाबून लहान केल्या. तुला माझी माहेरी यायची बॅग माहीत आहे. चेनवर बसून बंद करायची आणि मग एक टॉवेल काढायला सगळी उपसायची. तसंच झालं. गेम दर वेळी आपली बॅग उपसत बसला आणि हे पुन्हा फाटकात.

मग बाकीचं सगळं काढून टाकलं. एकच गेम ठेवला, न दाबता, ऐसपैस. जुनं कार्ड रडकं होतं, नवं चांगलं घेतलं. तुझ्या रेकॉर्डचा सेव्ह मात्र आधी जपून नव्या कार्डात घेतला, नाहीतर तुझं नावच पुसलं गेलं असतं आणि मग कोणाला हरवायचं? त्या दिवशी हे ओसरीच्या पायरीपर्यंत जाऊन परत आले. मग कळलं, बॅटरी पुरावी म्हणून ह्या यंत्राला मुळातच जरा हळू चालायला लावलेलं असतं. सेटिंगमध्ये त्याचा वेग वाढवला. हे चौकटीपर्यंत. त्याच सेटिंगमध्ये कार्ड वाचायच्या गतीचा एक रकाना असतो, तोही वर नेला. हे खाटेवरून अर्धे उठले, आणि गेम सुरू झाला म्हणून परत बसले.

राजू, मी दुकानात एकटीच टाळ्या वाजवल्या. वेग वाढल्याने बॅटरी लवकर उतरते, म्हणून चार्जर लावूनच खेळावं लागतं, आणि चार्जरची वायर आखूड आहे. लांब वायर मिळते बाजारात. मी आणली नाही.

आता करीचा दिवस. सकाळपासून ढोल. मी मटण शिजत घातलं, फाटकाला कडी लावली आणि ह्यांच्या हातात पीएसपी दिला. मामंजी ओट्यावर तोंड फुगवून. दुपार झाली. एक शर्यत, दुसरी, तिसरी. मान खाली, कान बंद. तुझ्या नावाच्या अगदी खाली येऊन पोचले होते. एक शर्यत संपली, आणि नेमका तेव्हाच फाटकावर मोरेश्वर. कपाळभर गुलाल, हातात फडकं.

"वीरू, चाल बे! झंडा आता तुटतेच! तुह्याशिवाय मजा नाई येऊन राहिली!"

ह्यांनी ईअरफोन काढला. नदीकडून एकदम मोठा गलका आला. मी स्वयंपाकघराच्या दारात, हातात पळी. हे अर्धे उठले. माझ्याकडे पाहिलं.

आणि पडद्यावर तीन, दोन, एक!

"थांब बे मोऱ्या," म्हणाले, "सुरू झाली." आणि बसले!

मोरेश्वर चिडून कडी काढून आत आला, कोण जिंकतंय म्हणून वाकून बघायला लागला, मग खाटेच्या काठावर टेकला. "डावीकडून काढ, डावीकडून!" असा ओरडायला लागला, आणि ते अर्थातच ह्यांना ऐकू येत नव्हतं. मामंजीही ओट्यावरून उठून आले. शेवटच्या वळणावर मीही पळी घेऊन त्यांच्या डोक्यावर. रेकॉर्ड मोडला रे! तुझं नाव खाली सरकलं आणि त्यावर वीरेंद्र. आम्ही चौघं एवढे ओरडलो, की शेजारच्या काकू धावत बाहेर आल्या, त्यांना वाटलं झेंडा तुटला. मोरेश्वर नंतर नदीवर गेलाच नाही. मटण खाऊन घरी गेला. मामंजी म्हणाले, "बाबू, आता मले दे."

जिंकले ते, पण खरी जिंकले मी. हे तू कोणाला सांगू नकोस.

इथेच पत्र संपवायचं ठरवलं होतं. पण संध्याकाळी ढोल थांबले, मी ताटं घासत होते, तर हे मागे येऊन उभे राहिले आणि म्हणाले, "डिंपल, गेल्या वर्षीचा तो दगड राजूचाच होता. तुले माहीत आहे ना?"

माहीत होतं, राजू. दवाखान्याच्या दारात तू उभा राहिलास, आत आला नाहीस आणि वळून गेलास, तेव्हाच कळलं होतं. पुढच्याच आठवड्यात तू सौंसरला नोकरी धरलीस. वर्षभर मी हे कोणाशी बोलले नाही, आईशीही नाही. बोलले असते तर दोघांपैकी एक जण कायमचा हातातून जाईल अशी भीती वाटत होती. तुझा मला राग होता, आणि तुझी आठवण आली नाही असा दिवस नव्हता. दोन्ही खरं आहे.

मी "हो" म्हटलं. तर ते काय म्हणाले ते त्यांच्याच शब्दांत लिहिते.

"मी पाह्यलं होतं त्याले समोरून. मी बी त्याच्यावरच नेम धरला होता. पयले मी मारला. माझा चुकला, त्याचा लागला. माझा लागला असता त मी कुठंतरी जाऊन लपलो असतो, आन् तो घरी बसून गेम खेळत राह्यला असता. एवढाच फरक आहे."

मी तिथेच बसून रडले. साबणाच्या हातांनी डोळे पुसले, ते आणखी झोंबले. हे हसायला लागले. म्हणाले, "त्याले लिही, रेकॉर्ड मोडला म्हना. दम असन त येऊन परत घे."

तर लिहिते आहे. पुढच्या वर्षी करीला दोन्ही काठांवरून एक एक माणूस कमी झाला पाहिजे, आणि ते दोघं माझ्या ओसरीत बसले पाहिजेत. ह्यावर मला तुझं मत नको आहे.

बुधवारी गणपती बसतात. राखी ह्या पाकिटात शोधू नकोस, ती देवघरात ठेवली आहे, हात घेऊन आलास तर मिळेल. डबा बसने परत पाठवायचा नाही, स्वतः आणून द्यायचा. गेम आता लगेच सुरू होतो, राजू. तूच वर्षभर फिरत राहिला आहेस. पुरे झालं.

वाट बघणारी, आणि कधी नव्हे ती न भांडणारी,
तुझी ताई

(खालची ओळ ह्यांनी पत्र हिसकावून स्वतः लिहिली आहे.)

साल्या, आला की माझ्या उजवीकडे बसजो. तिकडूनच ऐकू येते. — वीरेंद्र