कोंबडा लागतो

८ डिसेंबर
बोरीला दुपारी पोचलो आणि पोचल्या पोचल्या खूश झालो. दर नव्या कामाला नवी वही, हा माझा वीस वर्षांचा शिरस्ता; ही आज स्टँडवरच घेतली. आप्पाराव स्वतः जीप घेऊन न्यायला आले होते. गावाबाहेर, जिंतूर रस्त्याला, उसाच्या आणि कापसाच्या मध्ये त्यांनी चार एकरांत लग्नाचं लॉन बांधलंय. हिरवळ झाली, स्टेज झालं, बाग तेवढी राहिली. ५ फेब्रुवारीला त्यांच्याच लेकीचं, वैष्णवीचं लग्न आहे, आणि तेच इथलं पहिलं. बाग कशी हवी म्हणून विचारलं, तर म्हणाले, "लाल. समदं लाल पायजे बघा, शिवशंकरराव."

वा! आजवर लोकांनी माझ्या माथी पिवळा झेंडू आणि पांढरी शेवंती मारली. नुसत्या लालाची बाग कुणी मागितलीच नव्हती.

स्टेजमागची खोली मला दिलीये. स्वच्छ आहे, फक्त पायरीवर कोंबड्यांनी घाण केली होती. राखणदार कडूबाईंच्या कोंबड्या. पहिला हुकूम सोडला की तिन्हीसांजेच्या आत त्या खुराड्यात डालून ठेवा. या पक्ष्याची मला जन्मजात किळस आहे. ते गळ्याखाली लोंबणारं कातडं, डोक्यावरचं ते सोलल्यासारखं लाल मांस. घरी आमच्याकडे अंडंसुद्धा उंबऱ्याच्या आत येत नाही.

११ डिसेंबर
आराखडा झाला. लालाशी जपून वागावं लागतं. तो नजर खेचून घेतो, लांबचं जवळ आणतो. फाटकाशीच सगळा ओतला तर मागची बाग कुणी बघतच नाही. म्हणून सुरुवातीला थोडा साल्व्हिया, मग दोन्ही अंगांना कर्दळ, आणि वाट संपते तिथे लिंबाखाली एक मोठा भरगच्च गोल. मध्ये हिरवं भरपूर, म्हणजे लाल उठून दिसेल. एकच खोट. दिवस मावळताना सगळ्यांत आधी लालच काळा पडतो. तिथे दिवे लावू.

निम्मं गाव ऊसतोडीला गेलंय, त्यामुळे हाताशी कडूबाई आणि त्यांचा नवरा परमेश्वर, दोघंच. बाई साठीच्या, तोंडात कायम मिश्री. गोलात काय लावावं म्हणून मी मोठ्यानं विचार करत होतो, तर बाई पटकन म्हणाल्या, "हितं कोंबडा लागतोय, सायेब. दुसरं काय चालत न्हाई." मी चाटच पडलो. काय अचूक सल्ला! कोंबडा म्हणजे ते मखमली तुऱ्याचं फुलझाड. ऊन सोसतो, रंग टिकवतो. बाईंना झाडांची जाण आहे. तीनशे रोपं मागवली.

१७ डिसेंबर
रोपं आली, कळीवर आलेली. दिवसभर लावली. गोलाच्या मधोमध लिंबाच्या बुडाशी शेंदूर फासलेला एक दगड आहे. आप्पाराव म्हणाले, तो हलवायचा नाही, जागेवाला आहे, म्हणजे या जागेचा देव, जागा कडक आहे. बरं, राहू दे. शेंदूरही लालच की.

उन्हानं टक्कल भाजलं. टोपी विसरलो होतो.

१९ डिसेंबर
आज अमावस्या. सकाळी बघतो तर कडूबाई आणि परमेश्वर माझ्या गोलात उभे, आणि परमेश्वराच्या काखेत जिवंत कोंबडा! बाईंनी त्याच्या डोक्यावर तांब्यातलं पाणी शिंपडलं आणि दोघं त्याच्याकडे टक लावून बघत राहिली. हे काय चाललंय म्हणून विचारलं. परमेश्वर म्हणाला की दर अमावस्येला जागेवाल्याला कोंबडा लागतो. पाणी पडल्यावर कोंबड्यानं अंग झाडलं, तर ती त्याची कबुली. मग मान कापायची. नाही झाडलं तर सोडून द्यायचा, जबरदस्ती न्हाई.

असा 'लागतो' होय! मी कपाळावर हात मारून घेतला. हसूच आलं. पण त्या प्राण्यानं माझ्या नव्या रोपावर पिचकारी मारली आणि माझं डोकं फिरलं. मी तो हिसकावून उसात सोडून दिला. म्हणालो, कोंबडा मी दिलाय, एक सोडून तीनशे दिलेत, इथे दुसरा आणायचा नाही. कडूबाईंनी तीनदा विचारलं, "दिला म्हन्ता?" मी तीनदा दिला म्हणालो. त्यांनी डोक्यावर पदर घेतला आणि मला वाकून नमस्कार केला. गंमतच आहे.

२६ डिसेंबर
फुलं प्रमाणाबाहेर फुगलीयेत. आप्पारावांनी येऊन फोटो काढले, लय झकास म्हणाले. मला मात्र जवळ उभं राहवत नाही. कोंबड्याचा तुरा कोरडा असतो, मखमलीसारखा. हे ओलसर आहेत. बोटांना बुळबुळीत लागतात. एकाचा देठ छाटला तर दाट, चिकट लाल काहीतरी मनगटापर्यंत ओघळलं. साबण लावून तीनदा धुतलं, वास गेला नाही. खुराड्याचा वास. जेवण गेलं नाही.

१ जानेवारी
डोक्यावर, टाळूच्या मधोमध एक गळू आलंय. मऊ, लांबट. दाबलं की हलतं. शी! जिंतूरला जाऊन डॉक्टरांना दाखवलं. ते म्हणाले, ऊन लागलंय, मलम लावा. टोपी घालूनच वावरतो.

गोलावर माशा घोंगावतात. इतर लाल फुलांवर एकही नाही.

५ जानेवारी
एक रोप उपटलं. उपटायला नको होतं. मुळांच्या जागी ओली, गुंतलेली पिसं होती. रोप हातात गरम होतं, आणि तुरा धडधडत होता. फेकून दिलं आणि कर्दळीत जाऊन ओकलो.

ओकारीत ज्वारीचे अख्खे दाणे होते, आणि खडे. बारीक मुरूम. मी हे कधी खाल्लं?

९ जानेवारी
खडे मीच खातो. आज स्वतःला पकडलं. वाटेवर उकिडवा बसून वेचत होतो. तोंडात माती, कराकर आवाज. किळस येते आणि तरी गिळतो.

संध्याकाळी दिसत नाही. आधी लाल काळं पडतं, मग बाकीचं. सहा वाजता चाचपडत खोलीत येतो.

गळू आता चार बोटं लांब. वरून दाते पडलेत. लाल.

११ जानेवारी
कडूबाईंसमोर टोपी काढली. त्या दचकल्या नाहीत. म्हणाल्या, "तुमी शब्द दिलाव, सायेब. फुलं खात न्हाई जागेवाला." मी म्हणालो, मग आणा एक कोंबडा, काय हवं ते कापा, मी तोंडातून ब्र काढणार नाही. त्या म्हणाल्या की आता दुसरा चालणार नाही, आता देणाराच लागतो. अमावस्या १८ला आहे. मग माझ्यापुढे मूठभर ज्वारी टाकली. आपुलकीनं.

मी खाली वाकलो. वाकलो, आणि ओठांनीच टिपली. देवा.

१२ जानेवारी
पळालो. सकाळच्या गाडीनं परभणी गाठली, स्टेशनवर तिकीटही काढलं. ऊन कलायला लागलं आणि पाय वळले. माझे नाहीत ते पाय. परतीच्या गाडीत बसलो, बोरीला उतरलो, लॉनवर आलो, अंधार पडायच्या आत. तिन्हीसांजेला कोंबड्या डालायला सांगणारा मीच ना —

कडूबाईंनी दार उघडंच ठेवलं होतं.

१४ जानेवारी
पुन्हा गेलो. परभणीच्या पुढे, चुडाव्यापर्यंत. पुन्हा परत.

हनुवटीखाली कातडं सुटलंय. दोन पाळ्या. बोलताना एकमेकींवर आपटतात — ओल्या. हात लावला की अंगावर काटा येतो. काटा म्हणजे — काट्यांतून आता टोकं निघतायत.

१६ जानेवारी
पहाटे घशातून आवाज निघाला. तोंडात उशी कोंबली, तरी निघाला. बाहेर तीनशेंनी उत्तर दिलं.

१७ जानेवारी
आप्पाराव आले. त्यांना सगळं सांगितलं — जेवढं घशातून निघालं तेवढं. त्यांनी हात जोडले. म्हणाले, लेकीचं लग्न हाय, जागा शांत ऱ्हायला पायजे. मग जवळ आले आणि बोटांनी माझ्या छातीचं हाड चाचपलं. बाजारात चाचपतात तसं. डोळ्यांत पाणी होतं त्यांच्या. हात मात्र सराईत.

ओकावंसं वाटतं, ओकता येत नाही. गळ्याशी एक पिशवी झालीये, सगळं तिथेच साचतं.

परमेश्वरानं जे सांगितलं तेच धरून बसलोय. अंग झाडलं नाही तर सोडतात. जबरदस्ती नाही. झाडायचं नाही, बस्स.

१८ जानेवारी
सकाळ. गोलात बसवलंय मला. वही राहू दिली — हात गुंतलेला बरा. तुरे पोटऱ्यांना लागतायत, गरम, ओले. परमेश्वरानं पाठीमागून धरलंय. विळा त्याच्या कमरेला.

कडूबाई तांब्या घेऊन —

पडलं पाणी. गार. तुऱ्यातून मानेवर ओघळतंय. पिसांत शिरतंय. लिहीत राहायचं. सगळी टक लावून बघतायत, फुलंसुद्धा.

एक थेंब कानाकडे चाललाय.

झाडायचं नाही. मी झाडणार नाही. वैष्णवीच्या लग्नात लाल बाग मी बघणार — थेंब आत — खाज — नाही. अंग झाडायचं नाही. अंग झाडायचं नाही. अंग झा